साडेसहाचा एक टोला: वेळ दुरुस्त करणाऱ्या कारागिराचे एक प्रकरण

ठाकूरद्वारच्या एका जुन्या इमारतीत जिन्याखालच्या जागेत बसणारा हा कारागीर कल्पित आहे आणि त्याच्याकडे दुरुस्तीला आलेले कुटुंबही कल्पित आहे. मात्र ज्या वेळेची दुरुस्ती त्याने केली ती मुंबईत खरोखरच बिघडलेली होती आणि कितीतरी घरांच्या वह्यांत, पत्रिकांत ती अजून तशीच पडून आहे. प्रकरण एका जन्मवेळेचे आहे. १५ नोव्हेंबर १९४३ रोजी गिरगावातल्या एका चाळीत मुलगी जन्मली. महापालिकेत कारकून असलेल्या तिच्या वडिलांनी जमाखर्चाच्या वहीत "कन्या. सकाळी ६॥ चा टोला" एवढेच टिपले, आणि त्या साडेसहापायी पुढे घरात जन्माचे दोन वार, दोन पत्रिका आणि एक न मिटणारा वाद चालत आला.

कारागिराविषयी आधी थोडे सांगितले पाहिजे, कारण त्याच्या कामाची पद्धत त्याच्या आयुष्यातूनच आलेली आहे. फोर्टातल्या एका दुकानात उमेदवारी करून तो वडिलांच्या बाकावर येऊन बसला आणि चावीच्या घड्याळांची चलती होती तोवर डोळ्याचे भिंग उतरवायला त्याला सवड नसे. ऐंशीच्या दशकात क्वार्ट्‌झ घड्याळे स्वस्त झाली आणि गिऱ्हाईक सेल बदलण्यापुरते येऊ लागले. लंबकाच्या पेटीतले पितळी मशीन काढून तिथे प्लॅस्टिकचे बसवून देण्याची कामेही त्याने केली, कारण पोट होते. याच मंदीच्या दिवसांत त्याच्या ध्यानात आले की लोक तक्रार घेऊन येतात तेव्हा पुष्कळदा घड्याळ धडधाकट असते आणि बिघाड वेळेत असतो. वडील नेमके किती वाजता गेले यावर दोन भावांचे एकमत नाही म्हणून श्राद्धाची तिथी दोन घरांत दोन, अशी एक तक्रार त्याच्याकडे अगदी सहज, घड्याळाला तेल घालून घेताना बोलता बोलता आली. त्याने ती सोडवून दिली. मग तशीच माणसे येत गेली.

काम घेण्याच्या त्याच्या अटी कडक आहेत. ज्या वेळेची दुरुस्ती करायची, त्या वेळेची एक तरी वस्तू शिल्लक असली पाहिजे, मग ते घड्याळ असो, वही असो की भिंतीवरची खूण असो. नुसत्या आठवणीवर तो काम धरत नाही. शाळेत घालताना मास्तरांनी १ जून ही जन्मतारीख लावून दिलेली माणसे महाराष्ट्रात गावोगाव आहेत आणि त्यांतली काही त्याच्याकडेही येतात, पण ती तो हात जोडून परत पाठवतो. त्याचे म्हणणे असे की ती तारीख सरकारची आहे, ती सरकारनेच बिघडवली तर बिघडते आणि सरकारनेच दुरुस्त केली तर होते. हा त्याचा हेकटपणा वाटतो खरा, परंतु ज्याचा धंदा पुराव्यावर चालतो त्याला एवढे कुंपण घालावेच लागते.

आता मूळ प्रकरण. मुलगी पुढे आजी झाली. ऐंशी वर्षे आणि आठ महिने पूर्ण झाल्यावर सहस्रचंद्रदर्शनाची शांत करायचे घरात ठरले, आणि गुरुजींनी पत्रिका मागितली तेव्हा दोन निघाल्या. पहिली लग्नाच्या वेळी पुण्याच्या एका ज्योतिषांनी केलेली. तिच्यात जन्मवार रविवार आणि लग्नरास, म्हणजे जन्मक्षणी पूर्वेला उगवत असलेली रास, तूळ होती. दुसरी तिच्या मामांनी घरगुती पंचांगावरून मांडलेली. तिच्यात सोमवार आणि वृश्चिक. चंद्ररास दोन्हींत एकच, कारण तासा-दीड तासात चंद्र फारसा सरकत नाही. इंग्रजी तारखेने तो दिवस सोमवारच होता, परंतु पंचांगाचा वार सूर्योदयाला सुरू होतो, त्यामुळे जन्म सूर्योदयाआधीचा असेल तर वार रविवार आणि नंतरचा असेल तर सोमवार. थोरल्या मुलाचे म्हणणे की जाणत्या ज्योतिषाची लेखी पत्रिका मोडता येणार नाही. आजींचे म्हणणे, आई आपल्याला जन्मभर "सोमवारची पोर" म्हणत आली, तिला काय ठाऊक नव्हते? शेवटी नातीने भिंतीवरचे घड्याळ आणि माळ्यावरची वही पिशवीत घालून कारागिराच्या बाकावर आणून ठेवली आणि विचारले, "काका, हे दुरुस्त होईल का?" त्याने घड्याळ कानाशी धरले, वहीचे पान उलटले आणि म्हणाला, "घड्याळाची भोकं झिजलीत, बुश लागतील, ते होईल. साडेसहाचं बघावं लागेल."

फलज्योतिषावर विश्वास ठेवावा की नाही, हा या प्रकरणाचा विषय नाही आणि कारागिराचाही नव्हता. त्याच्यासमोरचा प्रश्न साधा होता: तो टोला पडला तेव्हा पृथ्वीचा मुंबईकडचा भाग सूर्यासमोर कितपत वळलेला होता? हा प्रश्न अवघड होतो तो एवढ्याचसाठी की १९४३ साली मुंबईत सकाळचे साडेसहा तीन वेळा वाजत.

मुंबईची स्थानिक वेळ ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटे पुढे आहे. शहर साधारण ७२ अंश ४९ मिनिटे पूर्व रेखांशावर आहे आणि एका अंशाला चार मिनिटे, या हिशेबाने ती निघते. १ जानेवारी १९०६ पासून सरकारने जी भारतीय प्रमाणवेळ लागू केली ती ८२॥ अंशांवरची, म्हणजे ग्रिनिचच्या ५ तास ३० मिनिटे पुढे. या दोहोंतली ३९ मिनिटे मुंबईकरांनी मुकाट्याने दिली नाहीत. त्याआधी रेल्वेची मद्रास वेळ शहरावर लादण्याचा प्रयत्न गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी १८८१ मध्ये केला होता आणि तो दोन वर्षांत गुंडाळावा लागला होता; त्या वादात विद्यापीठाने राजाबाई मनोऱ्याच्या घड्याळावर मुंबईचीच वेळ ठेवली, तेव्हा सरकारने तबकड्यांच्या रात्रीच्या दिवाबत्तीचा खर्च द्यायचे नाकारले. सरकारच्या कोतेपणाचा इतका नेटका पुरावा दुसरा सापडणार नाही. १९०६ च्या जानेवारीत गिरणी कामगार नव्या वेळेविरुद्ध रस्त्यावर आले. महापालिकेने प्रमाणवेळ आधी स्वीकारली, मग त्याच वर्षी ठराव करून पुन्हा मुंबईची वेळ धरली आणि स्वातंत्र्यानंतरच सोडली. म्हणून दशकानुदशके बोरीबंदर स्टेशनचे घड्याळ एक वेळ सांगे आणि थोड्याच अंतरावरच्या क्रॉफर्ड मार्केटच्या मनोऱ्यावरचे दुसरी. ही वेळ पूर्णपणे गेली असेही नाही, पारशी अग्यारींतले नित्यविधी त्यानंतरही मुंबई वेळेने होत राहिले.

दुसऱ्या महायुद्धाने यात तिसरी वेळ घातली. १ सप्टेंबर १९४२ पासून १५ ऑक्टोबर १९४५ पर्यंत देशभरची सरकारी घड्याळे आणखी एक तास पुढे होती, म्हणजे ग्रिनिचच्या साडेसहा तास पुढे. त्यामुळे १९४३ च्या नोव्हेंबरात मुंबई वेळ आणि चालू सरकारी वेळ यांत ९९ मिनिटांचे अंतर पडले होते. पुण्याच्या ज्योतिषांनी हेच लक्षात ठेवले. १९४३ साल पाहून त्यांनी वहीतल्या साडेसहातून युद्धाचा एक तास वजा केला, साडेपाच ही प्रमाणवेळ धरली आणि पत्रिका मांडली. हिशेब चोख होता. विचारायचे राहिले ते इतकेच की ज्या घड्याळाचा टोला लिहिला आहे, ते घड्याळ कोणाच्या वेळेने चालत होते.

कारागिराच्या दृष्टीने वेळ बिघडते ती इथे. आकडा उरतो आणि तो कोणत्या घड्याळाचा, हे हरवते; दुरुस्ती म्हणजे त्या आकड्याला त्याचे घड्याळ परत मिळवून देणे. त्यासाठी त्याने पहिल्याने घड्याळच उघडले.

घड्याळ अमेरिकन बनावटीचे, आठ दिवसांच्या चावीचे, तासाला तितके आणि अर्ध्या तासाला एक टोला देणारे होते. तबकडीचे चार खिळे काढून त्याने ती उलटी केली, तेव्हा जस्ताच्या पाठीवर पेन्सिलीने लिहिलेली एक ओळ दिसली. घड्याळ साफ केल्यावर तारीख आणि आपली खूण पाठीमागे लिहून ठेवण्याची रीत कारागिरांत जुनी आहे. अक्षर पुसट होते, भिंग लावून, बाजूने उजेड पाडून त्याने वाचले: "१९३८, ऑइल, मुं. टा. लावले." मुंबई टाइम. त्या काळी निमंत्रणांवर मुहूर्तापुढे मुंबई टाइम की स्टँडर्ड टाइम हे लिहावे लागे, तेव्हा घड्याळवाल्यानेही गिऱ्हाइकाला विचारूनच काटे लावले असणार. नातीला वाटले, काम झाले. कारागीर म्हणाला, "हे अडतीस सालचं. मधे लढाई आली. लढाईत त्यांनी काटे हलवले नाहीत, हे कशावरून?"

याचे उत्तर काही प्रमाणात यंत्रात होते. या घड्याळात टोल्यांची संख्या ठरवणारे खाचांचे चक्र आहे. ते काट्यांकडे न पाहता आपल्या क्रमाने एक, दोन, तीन असे पुढे जाते. अशा घड्याळाचे काटे पुढे नेता येतात, प्रत्येक टोला पडू द्यावा लागतो इतकेच. पण मागे नेले तर काटे सहावर आणि टोले सात, असा घोळ होतो. वेळ मागे घ्यायची असेल तर लंबक थांबवून तितका वेळ वाट पाहावी लागते. म्हणजे सरकारी फर्मानाप्रमाणे पुढे-मागे करत राहणे या घड्याळाला सोयीचे नव्हते, असे फार तर म्हणता येते. पुरावा म्हणून ते त्याने बाजूला ठेवले आणि वही घेतली.

वही मोडीत होती. कारागिराला मोडी वाचता येते ती या धंद्यामुळेच. १९४३ ची पाने रेशनच्या हिशेबाने भरलेली होती, मुंबईत रेशनिंग त्याच वर्षी सुरू झाले होते. दर रविवारी समासात "घ. चा." अशी खूण होती, ती घड्याळाला चावी दिल्याची, हे दोन-तीन पानांतच कळले. आणि दिवाळीच्या सुमाराला, नाशिकला जाण्याच्या खर्चाच्या शेजारी, गाड्यांच्या वेळा टिपल्या होत्या: "गाडी स. ७-९, घरची ५॥" आणि खाली परतीची "सायं. ५-५४, घरची ४।". त्याने कागदावर सात-नऊमधून साडेपाच आणि पाच-चोपन्नमधून सव्वाचार अशी वजाबाकी केली. दोन्ही ओळींत अंतर एक तास एकोणचाळीस मिनिटे, म्हणजे ९९. एखादी ओळ असती तर लिहिण्यातली चूक म्हणता आली असती, पण दोन्हींत तेच अंतर होते. बोरीबंदरच्या समोरच्या कचेरीत नोकरी करणारा माणूस रेल्वेची वेळ आणि घरची वेळ यांचा हिशेब जन्माच्या जेमतेम तीन आठवडे आधी नीट करत होता, आणि त्याची "घरची" वेळ ही मुंबई वेळ होती.

इथपर्यंत येऊन अनेकजण थांबले असते. कारागिराने मात्र पुढची शंका स्वतःच काढली: घड्याळ मुंबई वेळेने लावलेले असले, तरी त्या सोमवारी ते बरोबर चालत होते का? या शंकेला महत्त्व यासाठी की नोव्हेंबरच्या मध्याला मुंबईत सूर्य प्रमाणवेळेने पावणेसातच्या सुमाराला उगवतो, म्हणजे मुंबई वेळेने सहा वाजून सहा मिनिटांनी. मुंबई वेळेचे साडेसहा म्हणजे प्रमाणवेळेचे सात वाजून नऊ. सूर्योदय होऊन चोवीस मिनिटे झालेली. त्या दिवशी सूर्य तूळ राशीच्या अखेरीला होता, त्यामुळे उदयानंतर सुमारे दहा मिनिटांतच वृश्चिक लग्न लागले. जन्म आणि लग्न बदलण्याचा क्षण यांत अशी चौदा-एक मिनिटांची जागा उरते. घड्याळ त्याहून जास्त पुढे असते तर वृश्चिक लग्न हातचे गेले असते, आणि चोवीस मिनिटांहून जास्त पुढे असते तर सोमवारही.

म्हणून त्याने यंत्र तपासले. चक्रांच्या आसांची भोके झिजून लांबट झाली होती, पण ती झीज नंतरच्या वर्षांची. वाळलेल्या तेलाचा काळा थर तिच्यावर होता. लंबक सुमारे पंचवीस सेंटीमीटरचा. अशा लंबकाची लांबी मिलिमीटरच्या तिसऱ्या हिश्शाने बदलली तर दिवसाला एक मिनिटाचा फरक पडतो, म्हणजे खालची चकती अर्धा-एक फेरा फिरवून माणूस घड्याळ सहज ताब्यात ठेवू शकतो. चकतीच्या आट्यांवर वापराची चमक एकाच पट्ट्यात होती. तिथेच ती वर्षानुवर्षे थोडी वर, थोडी खाली फिरली होती. उन्हाळ्या-हिवाळ्याने पोलादी दांडीत पडणारा फरक अंशाला दिवसाकाठी अर्ध्या सेकंदाचा, तो सोडून देण्यासारखा. राहिली चावी. या जातीचे घड्याळ नुकती चावी दिलेली असताना किंचित जलद चालते आणि आठवडा संपताना मंदावते. जन्माच्या आदल्या दिवशी, रविवारी, "घ. चा." ची खूण होतीच, म्हणजे त्या सकाळी ते जलद बाजूला असणार, आणि ही बाजू निष्कर्षाच्या विरुद्ध जाणारी. तरीही एका दिवसात असे घड्याळ दोन-तीन मिनिटांपलीकडे पळत नाही. कचेरीतून रोज मनोऱ्यांच्या घड्याळांवरून घरी येणारा आणि न चुकता चावीची नोंद ठेवणारा माणूस ते चौदा मिनिटे पुढे जाऊ देईल, हे संभवत नाही.

सगळ्यात शेवटी त्याने आजींना विचारले, आणि मुद्दाम शेवटी, कारण आधी ऐकले असते तर पुरावा त्या दिशेला वाकला असता. आजींनी सांगितले की त्यांची आई म्हणे, "ऊन गॅलरीत आलं आणि तू आलीस." प्रमाणवेळेचे साडेसहा धरले तर सूर्योदयाला अजून पंधरा मिनिटे होती. युद्धवेळेचे धरले तर सव्वा तास, म्हणजे बाहेर काळोखच. ऊन तिसऱ्याच हिशेबात बसते. चाळीच्या गॅलरीत त्या वेळी खरेच ऊन येत असे का, हे पाहायला तो नातीबरोबर गेलाही. पण समोर आता टॉवर उभा आहे आणि तिथे नऊ वाजल्याशिवाय ऊन येत नाही. त्यामुळे आईच्या वाक्याला त्याने दुजोरा एवढेच स्थान दिले.

दुरुस्तीची पावती तो नेहमी हाताने लिहितो. या पावतीवर होते: "जन्म १५-११-१९४३, घरच्या घड्याळाने सकाळी ६॥, मुंबई टाइम. प्रमाणवेळ ७-९, तेव्हाची सरकारी वेळ ८-९. चूक फार तर पाच मिनिटे. सूर्योदयानंतर. वार सोमवार." थोरल्या मुलाने पावती दोनदा वाचली आणि ज्योतिषांचा मान राखून एवढेच म्हटले की त्यांना वही दाखवायला हवी होती. ही तक्रार रास्त आहे. जन्मवेळ कागदावर एकटी पाठवली गेली की ती असुरक्षित असते, आणि लग्न जमवण्याच्या गडबडीत तीच पाठवली गेली होती. गुरुजींनी शांतीचा संकल्प सोमवार धरून केला. आजींची अडचण निराळीच निघाली. त्या पुढे वाकून म्हणाल्या, "अहो, पत्रिकेत रविवार म्हणून लग्नापासून मी रविवारचं व्रत करत आले. ते आता मोजायचं कुठं?" कारागीर हसला आणि म्हणाला, "आजी, तो हिशेब माझ्याकडे नाही."

घड्याळाला नवे बुश बसवून त्याने ते परत दिले. काटे कोणत्या वेळेला लावायचे, असे त्याने विचारले तेव्हा नातीने प्रमाणवेळ सांगितली, कारण तिला त्या घड्याळावर ऑफिसला निघायचे असते, आणि यावर कोणी वाद घातला नाही.

त्याच वहीच्या नंतरच्या भागात आजींच्या धाकट्या भावाचा जन्म होता, १९५१ सालचा, "रात्री ११॥" अशा वेळेचा, आणि तिथे ३९ मिनिटांनी इंग्रजी तारीखच बदलते. कुटुंबाने तेही काम करून द्या म्हटले. कारागिराने १९४९ ते १९५२ ची पाने चाळली. महापालिकेची वेळ याच सुमाराला बदललेली, घरची केव्हा बदलली याचा उल्लेख नाही, गाड्यांच्या वेळा नाहीत, १९५० पासून "घ. चा." च्या खुणाही थांबलेल्या, आणि मध्यरात्री सूर्याला विचारण्याची सोय नाही. भावाने शाळेच्या दाखल्यावरची तारीख दाखवली, ती त्याने पाहिली आणि परत केली. पावतीवर "पुराव्याअभावी काम घेतले नाही" असे लिहून त्याने खाली सही केली आणि बुशांचे तेवढे पैसे घेतले.